किंकाळीची तालीम

बडोद्याची संगीतपरंपरा म्हटली की मौलाबक्षांची 1886 मधील गायनशाळा आणि महाराजा सयाजीरावांच्या आश्रयाखाली 1916 साली भरलेली अखिल भारतीय संगीत परिषद आठवते. त्यामुळे घसा फाडून गाण्याच्या शैलीविषयी या शहरात बसून चिंतन करणे काहीसे अप्रस्तुत वाटण्याचा संभव आहे. 'स्क्रीमो' ही हार्डकोर पंकमधून 1990 च्या दशकाच्या आरंभी अमेरिकेतील सान दिएगो येथे घडलेली शैली असून तीत गायक शब्द उच्चारण्यापेक्षा किंचाळतो. मुंबईचा 'स्क्राइब' हा संच काटेकोर अर्थाने स्क्रीमो नव्हे, हार्डकोर आणि मेटल यांच्या सीमेवरचा. तरीही विश्वेश कृष्णमूर्तींच्या किंचाळत्या गायनामुळे आपल्याकडील सर्वांत जवळचे उदाहरण तोच ठरतो. 'कन्फेक्ट' (2008), 'मार्क ऑफ तेजा' (2010) आणि 'हेल मोगॅम्बो' (2014) या ध्वनिमुद्रिकांपैकी शेवटच्या दोन हिंदी चित्रपटांतील खलनायकांची नावे मिरवतात, आणि संचाचे खरे वेगळेपण नावांतल्या या थट्टेतच आहे, कारण परदेशी संतापाची हुबेहूब नक्कल करण्याचा मोह तिने टाळला. आरडाओरडा म्हणून हिणवल्या जाणाऱ्या या गायनालाही श्वासाचे नियंत्रण आणि नियमित रियाज लागतो, हे मात्र रागदारीच्या अभिमान्यांना सहसा पटत नाही.