तुंब्यातली पेज

गडचिरोलीतील भामरागड परिसरात माडिया लोकांचे रोजचे पेय म्हणजे ‘जावा’, अर्थात पातळ पेज. प्रवाशाला कृती चटकन कळते. हात बसायला मात्र वेळ लागतो. कोसरीची किंवा तांदळाची कणी आधणात वैरून सतत ढवळायची, पाणी सढळ ठेवायचे. घट्ट झाली तर तो भातच! निवलेली पेज वाळलेल्या भोपळ्याच्या तुंब्यात भरून रानात नेतात. उन्हातही ती गार राहते. रात्रभर ठेवल्यास आंबते, म्हणून शिळे वर्ज्य असणाऱ्या पाहुण्याने सकाळची ताजीच मागावी.

आता शिधावाटपाच्या तांदळापुढे कोसरी मागे पडते आहे. पेज तांदळाचीही होते. पण पावसाच्या भरवशावर येणाऱ्या या भरडधान्याचे बियाणे एकदा घरातून गेले की बाजारात सहज मिळत नाही.