शंभरात एक

व्हिडिओ गेममधल्या ज्या वस्तूचा ड्रॉप रेट, म्हणजे राक्षस मारल्यावर ती मिळण्याची शक्यता, एक टक्का आहे, ती शंभर वेळा राक्षस मारूनही शंभरातल्या छत्तीस-सदतीस खेळाडूंना मिळालेली नसते. दोनशे वेळा मारल्यावर तेरा जण उरतात, तीनशेनंतर पाच. खेळ दहा लाख लोकांनी खेळला, तर हजार वेळा मारूनही ज्यांचे हात रिकामेच आहेत असे चाळीसेक जण कुठेतरी असणारच. लूट टेबल भरणाऱ्या प्रत्येकाला हे आकडे पाठ असतात. बेंगळुरूच्या एका स्टुडिओसाठी कलघटगीत बसून बक्षिसांचे तक्ते भरणाऱ्या एका डिझायनरच्या मनातून मात्र हे चाळीस जण काही केल्या जात नाहीत.

हुबळीहून कारवारकडे निघालेल्या रस्त्यावरचे हे तालुक्याचे गाव पाळण्यांसाठी ओळखले जाते. कलघटगीचा रंगवलेला, अंगावर पुराणातली चित्रे असलेला लाकडी पाळणा उत्तर कर्नाटकातल्या घरांमध्ये एका पिढीकडून दुसरीकडे जातो. पाळणा करणाऱ्याला तो कोणत्या घरी चालला आहे हे बहुतेक वेळा ठाऊक असते. ड्रॉप रेट ठरवणाऱ्याला खेळाडूचे तोंड कधी दिसत नाही. त्याला दिसतो आलेख, आणि त्या आलेखाची उजवीकडे लांबत गेलेली बारीक शेपटी. या माणसाची सगळी उमेद त्या शेपटीवर खर्च झाली आहे.

उपाय आहेत, आणि जुने आहेत. ‘वॉरक्राफ्ट ३’मध्ये पंचवीस टक्के असे लिहिलेला जबर प्रहार पहिल्या वेळी जेमतेम साडेआठ टक्के शक्यतेने लागतो. हुकला की सतरा, पुन्हा हुकला की साडेपंचवीस, असे चढत चढत बाराव्या वेळी तो लागतोच. ‘डोटा २’ने हीच रीत पुढे चालवली. आजच्या टेट्रिसमध्ये सातही आकार एका पिशवीतून निघतात आणि पिशवी रिकामी झाल्यावरच पुन्हा भरते, त्यामुळे एका लांब काठीनंतर दुसरी यायला मध्ये बारापेक्षा जास्त तुकडे पडूच शकत नाहीत. सिड मायर यांनी २०१० च्या गेम डेव्हलपर्स कॉन्फरन्समध्ये ‘सिव्हिलायझेशन रेव्होल्यूशन’चा अनुभव सांगितला होता: तीनास एक अशी भक्कम बाजू असताना हरलेला खेळाडू खेळालाच खोटे ठरवतो, पण एकास तीन अशा कमजोर बाजूने जिंकला तर त्याला काही खटकत नाही. मग त्यांच्या संघाने आधीच्या पराभवांचा हिशेब पुढच्या लढाईत धरायला सुरुवात केली. ‘फायर एम्ब्लेम’ तर २००२ पासून बऱ्याच भागांत दोन आकडे काढून त्यांची सरासरी घेत आला आहे. पडद्यावर नव्वद टक्के दिसतात, प्रत्यक्षात नेम अठ्ठ्याण्णव टक्के वेळा लागतो.

तेव्हा सगळ्यात सोपी दया कोणती? कमाल मर्यादा. दोनशे वेळा मारूनही मिळाले नाही, तर दोनशेव्या वेळी देऊन टाकायचे. धंद्यात याला पिटी म्हणतात आणि दोन ओळींच्या कोडमध्ये ती बसते.

पण त्या दोन ओळींची किंमत कुणीतरी मोजतो. मर्यादा लावली की वस्तू सरासरीने लवकर मिळू लागते. शंभराऐवजी सत्याऐंशी वेळांतच. बाजारात तिचे मोल उतरते, तिच्यापुढचा टप्पा ज्याच्यासाठी बांधला तो खेळाडू तिथे अवेळी पोहोचतो, आणि वरून सांगितलेले असते की सरासरी शंभरच हवी. ती शंभरावर ठेवायची तर मूळ दर एक टक्क्यावरून ०.८ वर आणावा लागतो. आता पहिल्या पन्नास वेळांत वस्तू मिळवणारे बघा. एक टक्क्याने शंभरातल्या साडेएकोणचाळीस जणांना ती मिळायची, ०.८ ने तेहतीस जणांना मिळते. शेपटीतल्या माणसांना दिलेले दान या सहा-साडेसहा जणांच्या खिशातून काढलेले असते, आणि आपल्या खिशातून काही गेले हे त्यांना कधीच कळत नाही. याहून विचित्र गोष्ट दुसऱ्या टोकाला घडते. नव्या तक्त्यात शंभरातले तब्बल वीस खेळाडू त्या मर्यादेपर्यंत येऊन थडकतात. चाळीस दुर्दैवी माणसे वाचवायला निघावे आणि दर पाचांतल्या एकाला रांगेत उभे करावे, असा हा व्यवहार.

मर्यादा अडीचशेवर नेली की रांग लहान होते, पण शेपटी लांबते. मर्यादा काढून शंभरानंतर दर हळूहळू चढवत नेला, तर चढ कुठून सुरू करायचा आणि किती उभा ठेवायचा, इथे आपला डिझायनर पुन्हा अडकतो. चढ उभा केला की सगळे खेळाडू दीडशेच्या आसपास गोळा होतात आणि नशीब नावाची चीज उरत नाही. चढ सपाट केला तर चढवून उपयोग काय? त्याच्या एक्सेलमध्ये या एका वस्तूच्या तक्त्याच्या इतक्या आवृत्त्या आहेत, की स्टुडिओतल्या दुसऱ्या कुणी त्या उघडायच्या फंदात पडत नाही.

मध्यंतरी हुबळीच्या एका कॉलेजात शिकणारी, गावातलीच एक मुलगी त्याच्याकडे काम शिकायला येऊ लागली. घरी मराठी, मैत्रिणींत कन्नड, आणि गणितात कुणाला हार न जाणारी. वरचा तक्ता तिने तासाभरात समजून घेतला आणि विचारले, “सर, मग पडद्यावर लिहिणार काय? ०.८, की एक?”

प्रश्न वाटतो त्याहून खोल आहे. ०.८ लिहिले तर मर्यादा लपते. एक लिहिले तर सरासरी खरी ठरते, पण एकेका वाराचा दर खोटा. दोन्ही लिहावे आणि शेजारी ‘एकशे सदतीस झाले, दोनशेला नक्की’ असा मोजणीचा आकडा ठेवावा, हे तिचे म्हणणे. धंद्यातले बहुतेक जण याच्या विरुद्ध आहेत. आकडा दिसला की शिकारीची हजेरी होते, असे ते म्हणतात, आणि त्यात तथ्य आहे. दोनशेव्या वाराला वस्तू मिळालेला खेळाडू ओरडत नाही. येणे वसूल झाल्यासारखा तो वस्तू उचलतो आणि पुढे जातो.

या डिझायनरचा विरोध मात्र तेवढ्यापुरता नव्हता. दुर्मीळ वस्तू मिळाल्यावर किंचाळणाऱ्या खेळाडूंचे व्हिडिओ तो बघत बसतो. त्यांची तोंडे, खुर्चीतून उठणे, शेजाऱ्याला हाका मारणे. खेळाडू म्हणतो नशीब उघडले, आणि ह्याला आत वाटत असते की ते नशीब माझ्या तक्त्यातून निघाले आहे. चित्रकाराची, संगीतकाराची वाहवा होते. दर ठरवणाऱ्याचे काम जितके चांगले तितके अदृश्य. त्या अदृश्यपणाचा त्याला अभिमान होता. पडद्यामागे बसून कुणाच्या तरी रात्रीचा शेवट ठरवण्यात एक सत्ता आहे, आणि ती त्याला आवडते. मोजणीचा आकडा उघड करणे म्हणजे ती सत्ता खेळाडूच्या हातात देणे. मुलीच्या प्रश्नाने त्याला बोचले ते इथे.

या कलेची उतरण कुठे सुरू झाली याबद्दल त्याची मते ठाम आहेत. ‘डायब्लो ३’ मे २०१२ मध्ये आला, तेव्हा त्यात लिलावघर होते. खेळाडू राक्षस मारण्याऐवजी बाजार चाळू लागले, कारण चांगली वस्तू जमिनीवर पडण्यापेक्षा विकत मिळणे सोपे होते. दिग्दर्शक जे विल्सन यांनी पुढे लिलावघराने खेळाचे नुकसान केल्याचे उघड सांगितले आणि १८ मार्च २०१४ रोजी ते बंद झाले. त्याच सुमारास आलेल्या नव्या लूट रचनेत कमी पण आपल्या पात्राच्या कामाच्या वस्तू पडू लागल्या. चूक जाहीरपणे दुरुस्त करणारी ती पिढी त्याला मोठी वाटते. आजचे मोबाइल खेळ रोज हजेरी लावल्याचे बक्षीस देतात, सीझन पासची मुदत संपत आल्याची आठवण करून देतात; खेळाडू खेळला कसा याच्याशी त्या बक्षिसाचा संबंध नसतो. कॅलेंडर पाळल्याचे बक्षीस ही त्याच्या लेखी लबाडी आहे.

याच्या उलट पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्सने २०२० मध्ये आणलेला ‘राजी: अॅन एन्शंट एपिक’ त्याला मनापासून आवडतो. राजीला त्रिशूळ मिळते ते दुर्गेकडून, धनुष्य विष्णूकडून, आणि कथेत जिथे मिळायचे तिथेच. प्रत्येक खेळाडूला, एकाच जागी. नशिबाचा आधार न घेता दिलेल्या वस्तूलाही वजन येऊ शकते, हे त्या छोट्या स्टुडिओने दाखवून दिले. ड्रॉप रेटवर पोट असलेल्या माणसाने हे कबूल करायला हवे.

आता पैशाची गोष्ट. सप्टेंबर २०२० मध्ये आलेल्या ‘गेनशिन इम्पॅक्ट’ने पैसे भरून नशिबाने काढायच्या पंचतारांकित वस्तूचा मूळ दर ०.६ टक्के, नव्वदाव्या वेळी खात्री, आणि खात्री धरून एकूण दर १.६ टक्के, असे सगळे आकडे खेळातच छापले आहेत. मुलीने मागितलेला उघडेपणा तो हाच. पण पंचाहत्तर झाल्यावर पंधराच उरले हे दिसते तेव्हा माणूस थांबत नाही, उरलेल्या पंधरांचे पैसे भरतो. राक्षस मारणाऱ्याला धीर देणारा आकडा पेटी विकत घेणाऱ्याला ओढून नेतो. सूत्र तेच, तक्ताही तोच. या विचारावर तो महिनोन्‌महिने घुटमळला.

सरकारांनी आपापल्या परीने हात घातला आहे. जपानने २०१२ मध्ये पूर्ण संच जमवल्यावरच मोठे बक्षीस देणारा गाचा, म्हणजे पैसे भरून नशिबाने वस्तू काढण्याचा प्रकार, बेकायदा ठरवला, चीनने १ मे २०१७ पासून शक्यता जाहीर करणे सक्तीचे केले, बेल्जियमने २०१८ मध्ये पैसे देऊन उघडायच्या नशिबाच्या पेट्यांना, म्हणजे लूट बॉक्सना, जुगार म्हटले. कर्नाटकाने २०२१ मध्ये पैसे लावून खेळण्याच्या ऑनलाइन खेळांवर आणलेली बंदी उच्च न्यायालयाने फेब्रुवारी २०२२ मध्ये रद्द केली. ऑगस्ट २०२५ मध्ये केंद्राचाच कायदा आला.

फोनवर लुडो खेळणाऱ्या घरात ‘मला सहा पडतच नाहीत, समोरच्यालाच पडतात’ ही तक्रार हमखास ऐकू येते. दहा वेळा फासा टाकून एकदाही सहा न पडणे शंभरातल्या सोळा जणांच्या वाट्याला येतेच, त्यामुळे तक्रार खोटी नाही आणि फासाही खोटा असायची गरज नाही. पचिशीच्या पटावर अशी शंका कमी येई. सहा कवड्या सगळ्यांच्या देखत पडत, पंचवीसचे मोठे दान किती क्वचित पडते हे प्रत्येकाने डोळ्यांनी पाहिलेले असे. फोनमधल्या कवड्या कुणाला दिसत नाहीत, म्हणून तक्ता भरणाऱ्यावरची जबाबदारी वाढते.

शेवटी त्याने कौल दिला तो असा. जिथे पैसे लागत नाहीत तिथे मोजणीचा आकडा खेळाडूला दिसावा, दोन्ही दरांसकट. मजा थोडी कमी झाली तरी चालेल. जिथे पैसे लागतात तिथे शक्यता नकोच, वस्तू ठरलेल्या किमतीला विकावी. पहिली गोष्ट त्याने हातातल्या खेळात करून घेतली. दुसरीसाठी स्टुडिओत त्याचा वाद अजून चालू आहे, आणि मिळकतीचे आकडे त्याच्या बाजूने नाहीत.

तोवर वाचकांकडे एवढेच मागणे आहे. घरातले मूल एखादी पेटी उघडण्यासाठी पैसे मागेल, तेव्हा रागावण्याआधी त्या खेळातले शक्यतांचे पान त्याच्यासोबत उघडा, तिथला दर वाचा, आणि शंभर पेट्यांनंतर किती जणांचे हात रिकामे राहतील हे त्यालाच काढायला लावा. नववी-दहावीचे गणित त्याला पुरते.