गंजगोलाईच्या भोवती

आज एका निवृत्त चित्रकला शिक्षकांसोबत लातूर पायी पाहिलं. सुरुवात गंजगोलाईपासून. मधोमध जगदंबेचं मंदिर, भोवती गोल बाजारपेठ आणि तिला येऊन मिळणारे 16 रस्ते. सर मात्र दुकानांपेक्षा भिंतींसमोरच रेंगाळायचे. एका शाळेच्या भिंतीवर नळ, घागर आणि ‘पाणी वाचवा’. एप्रिल 2016 मध्ये ज्या शहराला मिरजेहून रेल्वेने पाणी आणावं लागलं, तिथे हे चित्र मला नुसती सजावट वाटलंच नाही. गळा दाटून आला. रंग उडालाय, पण घागरीची गोलाई किती सफाईदार! ब्रशवर हात बसलेल्या माणसाचंच हे काम. खाली नाव मात्र कुणाचंच नाही. भिंती रंगवून घेणाऱ्यांनो, रंगाऱ्याला पुरती मजुरी द्या आणि कोपऱ्यात त्याला सहीही करू द्या.