वॉटांच्या आधी माइक

लॅमिंग्टन रोडवर दुकानदार आधी वॉट सांगतो. पाचशे, हजार. आमच्या अभंगांच्या कार्यक्रमाला सोसायटीचा हॉल आणि समोर फार तर शंभर माणसं. मला हव्यात माइकच्या जागा. गायिका एक, पेटी एक, तबला-डग्ग्याला दोन. चार तिथेच संपल्या. टाळ आणि तानपुरा अजून बाहेरच. यामाहाचा एमजी१०एक्सयू मिक्सर मला आवडतो, पण त्यातल्या दहाच्या आकड्यावर भुलू नये, माइक चारच लागतात. पैसे घालायचे तर मिक्सरमध्ये, हे माझं मत दिवसेंदिवस पक्कं होतंय.

वॉट दुप्पट केले तरी आवाज वाढतो ३ डेसिबलच. त्यापेक्षा स्पीकर गायिकेच्या पुढे सरकवावा, माइक तोंडाजवळ आणावा. शिट्टी पुष्कळ आटोक्यात येते आणि खर्च काही नाही.

ॲम्प्लिफायर घेताना मात्र डोळ्यांत तेल घालून बघायचं. ८ ओहमचे दोन स्पीकर समांतर जोडले की भार ४ ओहम होतो. तो पेलणार का, ते मागच्या बाजूला छापलेलं असतं. १०० व्होल्ट लाइनची जोडणी मंडपातल्या लांबलांब कर्ण्यांसाठी उत्तम, पण डग्ग्याचा घुमारा मला त्या कर्ण्यांतून कधी मिळाला नाही.

उद्या एक वापरलेला मिक्सर बघायचाय. हेडफोन आणि कंडेन्सर माइक सोबत नेणार. ४८ व्होल्टचं बटण तपासायचं, आणि प्रत्येक फेडर हळूहळू वर-खाली करून खरखर ऐकायची.