पिवळे त्रिकोण

घरात पहिला संगणक आला तेव्हा आईनं मदरबोर्डची सीडी फिक्स डिपॉझिटच्या पावत्यांबरोबर ठेवली होती. ते बरोबरच होतं. विंडोज ९८ ला फॉरमॅट मारला की आवाज गायब, स्क्रीन सोळा रंगांवर, आणि दुरुस्तीला आलेला पोरगा आधी विचारायचा, "काकू, ड्रायव्हरची सीडी कुठंय?"

पुढं मी पानं लावायच्या धंद्यात पडलो. पेजमेकर, युनिकोडच्या आधीचे मराठी फॉण्ट, आणि ते उघडायला डोंगल. आधी ते प्रिंटरच्या पोर्टला लागायचं, मग यूएसबीला. त्यालाही ड्रायव्हर होताच. हौस मॅकबुकची, पण पोट विंडोजवर. एप्रिल २००६ मध्ये अ‍ॅपलनं इंटेल मॅकवर विंडोज टाकायची सोय काढली, बूट कॅम्प. दोन्ही साधलं.

साधलं म्हणजे, ड्रायव्हर टाकल्यावर. नुसतं विंडोज टाकून पाहावं तर अवतार असतो: अक्षरं फुगलेली, ट्रॅकपॅडवर दोन बोटं फिरवली तरी पान ढिम्म. डिव्हाइस मॅनेजर उघडला की ओळीनं पिवळे त्रिकोण. वायफायचा ड्रायव्हर इंटरनेटवरून घ्यावा, तर वायफायच नाही! मग ऑप्शनची कळ दाबून परत मॅकमध्ये जायचं, बूट कॅम्प असिस्टंटकडून ड्रायव्हरचं फोल्डर पेनड्राइव्हवर उतरवायचं, विंडोजमध्ये येऊन सेटअप चालवायचा. स्क्रीन क्षणभर काळा होतो. उजळतो तेव्हा अक्षरं रेखीव झालेली असतात आणि त्रिकोण एकेक करून निघून जातात. हे बघत बसायला मला आवडतं. घरी कुणाला सांगत नाही. विंडोजचं मोठं अपडेट आलं की यातलं थोडंफार पुन्हा करावं लागतं.

पण सगळं झालं तरी विंडोज तिथं पोटभाडेकरूच. नळाला पाणी येतं, दाब मात्र घरमालकाकडे. तोच ट्रॅकपॅड मॅकमध्ये लोण्यासारखा चालतो, इकडे कामापुरता. बॅटरीही लवकर उतरते. दुसऱ्याच्या सिस्टीमसाठी कोण जीव ओतून ड्रायव्हर लिहील?

नोव्हेंबर २०२० मध्ये अ‍ॅपलनं स्वतःच्या चिपचे मॅक आणले आणि त्यांवर बूट कॅम्प नाही. पॅरलल्समध्ये एआरएमचं विंडोज चालतं, इंटेलसाठी लिहिलेले बहुतेक प्रोग्रॅमही त्यात भाषांतर होऊन चालतात. ड्रायव्हरला मात्र ही सवलत नाही. तो एआरएमसाठीच लिहिलेला लागतो. माझ्या डोंगलचा ड्रायव्हर विंडोज ७ च्या काळातला. तो आता नव्यानं कोणी लिहीत नाही.

त्यामुळे दिवाळी अंक जुन्या मॅकबुकवरच लागतो. विंडोज १० चा सर्वसाधारण आधार १४ ऑक्टोबर २०२५ ला संपला. विंडोज ११ ला टीपीएम २.० हवं, ते या यंत्रात नाही. ज्या वायफायसाठी एवढी उठाठेव केली ते मी आता बंदच ठेवतो. पीडीएफ पेनड्राइव्हवर घालून छापखान्यात नेऊन देतो.