शिदोरी

कॅनडाच्या वायव्य कोपऱ्यात यूकॉन नावाचा विरळ वस्तीचा प्रदेश आहे. तेथील टूमस्टोन उद्यान म्हणजे फुलझाडांची बाग नव्हे. सुमारे 2,200 चौरस किलोमीटरांचे ते रान आहे. शरद ऋतू तेथे लवकर येतो आणि लवकरच सरतो. ऑगस्ट संपता संपता भूर्जाची खुरटी झुडपे लालबुंद होतात, वाळुंजे पिवळी पडतात आणि काळ्या सुळक्यांच्या पायथ्याशी जणू गालिचा पसरतो.

ही शोभा पाहावयास मोटारीने जाणाऱ्याला डेम्पस्टर महामार्ग धरावा लागतो. 1979 साली खुला झालेला हा मार्ग सातशे किलोमीटरांहून अधिक लांब असून तो खडीचा आहे. खालची जमीन सदैव गोठलेली असते. ती वितळली तर रस्ता खचेल. म्हणून तिच्यावर खडीच्या जाड थराचे पांघरूण घातले आहे. त्या खडीच्या धारदार कपच्या मोटारीची चाके फाडतात. महामार्गाच्या आरंभी पेट्रोल भरले की पुढचा पंप सुमारे 370 किलोमीटरांवर! तहान लागल्यावर विहीर खणावी, अशी सोय तेथे नाही. जादा चाके, इंधन, अन्न, लोकरीचे कपडे यांची यादी आधीच करावी लागते; कारण सप्टेंबरात बर्फ केव्हा पडेल, याचा नेम नसतो.

ज्यांचे नाव या मार्गाला दिले, ते डेम्पस्टर पोलीस दलातील शिपाई होते. 1910 च्या डिसेंबरात त्याच दलातील फिट्झजेराल्ड तीन सोबत्यांसह, कुत्र्यांच्या गाड्या घेऊन, फोर्ट मॅक्फर्सनहून डॉसनकडे निघाले. अल्पावधीत पोहोचण्याचा विक्रम करावा, या हेतूने त्यांनी शिधा कमी घेतला. वाटेत मिळालेल्या ग्विचिन जमातीच्या वाटाड्यालाही त्यांनी थोड्याच दिवसांत निरोप दिला. पुढे वाट हरवली, शिधा सरला, आणि परत फिरलेले ते चौघेही मरण पावले. 1911 च्या मार्चमध्ये डेम्पस्टर यांनी त्यांचे देह शोधून काढले. त्यांपैकी दोघे तर ठाण्यापासून अवघ्या 40 किलोमीटरांवर होते!

शूर कोण आणि भित्रा कोण, हे रान विचारीत नाही. या भूमीत पिढ्यान्‌पिढ्या राहणारे ट्रॉन्डेक ह्वेचिन लोक हे जाणतात. मांस व मासे सुकवून ते हिवाळ्याची बेगमी आधीच करीत आले आहेत. यादीतील एकेक वस्तू जमविताना प्रवासीही त्या भूमीचा मानच राखीत असतो. शिदोरी पुरेशी असली, म्हणजे त्या लाल झुडपांकडे निश्चिंत मनाने पाहता येते.