हाय स्कोअर २००००

टँकचा गेम सुरू केला की स्क्रीनवर वरच्या बाजूला लिहून यायचं: हाय २००००. रोज तेवढंच. आदल्या दिवशी दादाने पन्नास हजार केले असले तरी यंत्राला त्यातलं काही आठवायचं नाही. स्विच बंद केला की सगळं पुसलं जायचं आणि कंपनीने भरून दिलेले वीस हजार पुन्हा जागेवर हजर.

'बॅटल सिटी' हे त्याचं खरं नाव. नामको या जपानी कंपनीने १९८५ साली तो निन्टेन्डोच्या फॅमिकॉमसाठी काढला. खाली मध्यभागी विटांच्या आडोशाला एक गरुड असतो, तो सांभाळायचा. वरून एकामागून एक २० टँक येतात, ते उडवायचे. असे ३५ नकाशे. आमच्या वर्तकनगरात त्या गरुडाला सगळे कोंबडी म्हणायचे आणि गेमला नुसतं टँक.

आमच्याकडे फॅमिकॉम नव्हताच. २००४ च्या दिवाळीत बाबांनी ठाणे स्टेशनजवळून आणलेला एक डबा होता. त्यावर कंपनीचं नावही धड नव्हतं. सोबत दोन रिमोट आणि एक पिवळी कॅसेट. कॅसेटवर लिहिलेलं '९९९९ इन १', आत मात्र तेच पंधरा-वीस गेम नावं बदलून पुन्हा पुन्हा. फॅमिकॉमच्या अशा नकला आपल्याकडे नव्वदच्या दशकापासून घरोघर होत्या. आमच्यापेक्षा दहा वर्षांनी मोठ्या असलेल्यांना 'लिटल मास्टर' आणि 'समुराई' ही नावं आठवतील.

डबा कागदोपत्री दादाचा होता. दुसरा रिमोट माझा, म्हणजे दादाचा मित्र आला नसेल तेव्हा. आईचं नाव या वाटणीत कुठेच नव्हतं.

पण आमची दोघांची शाळा दुपारची. पावणेसहाला घरी आलो की दादा आधी डब्याच्या अ‍ॅडॉप्टरला हात लावायचा. तो कोमट असायचा. "कोण खेळत होतं?" आई म्हणायची, "टीव्हीमुळे तापला असेल." तिच्याकडे साड्यांच्या फॉल-बिडिंगची कामं यायची. जेवणं, भांडी, मग त्या साड्या, आणि पाच वाजता नळाला पाणी. या सगळ्याच्या मधे अडीच ते साडेचार असा एक तुकडा उरायचा. शेजारच्या काकूंचाही तोच तुकडा रिकामा असायचा. म्हाडाच्या जुन्या इमारतीत दारं दिवसभर उघडीच. काकू वाटीभर काहीतरी घेऊन यायच्या आणि दुसरा रिमोट घ्यायच्या.

हे सगळं मला एकदा ताप आला म्हणून घरी राहिले तेव्हा कळलं. पांघरुणातून मी बघत होते. या गेममध्ये आपल्याच जोडीदाराला गोळी लागली तर तो मरत नाही, थोडा वेळ जागच्या जागी थिजतो. आणि आपली गोळी चुकून आपल्याच कोंबडीला लागली तर खेळ तिथेच संपतो. दोघी एकमेकींना थिजवत होत्या आणि तोंडावर पदर धरून हसत होत्या, मी उठू नये म्हणून.

आई चांगली खेळायची. दादापेक्षा चांगली, असं मला वाटतं. पण ते सिद्ध कसं करणार? 'झेल्डा'सारख्या काही गेमच्या कॅसेटमध्ये छोटी बॅटरी असायची, ती खेळ जपून ठेवायची. टँकमध्ये तसलं काही नव्हतं. पॉज होता. पण पॉज करून ठेवायचं म्हणजे टीव्ही अडवून ठेवायचा, आणि साडेपाचनंतरचा टीव्ही आईचा नव्हता. सुरुवातीला हवी ती स्टेज निवडता यायची हे खरं. पण चांदण्या गोळा करून मजबूत केलेला टँक, साठवलेले जीव, गुण, हे सगळं शून्यावरून. शिवाय वीज जायची ती वेगळीच. त्यामुळे आईचा एकही डाव कोंबडी मेली म्हणून संपलेला मला आठवत नाही. तो कुकरने संपायचा, नळाने संपायचा, फॉल न्यायला आलेल्या बाईने संपायचा.

नंतर डबा बिघडला, टीव्ही सपाट झाला. आमच्या इमारतीचा पुनर्विकास निघाला, सगळे भाड्याच्या घरांत पांगले. काकू मुलाकडे डोंबिवलीला गेल्या आणि तिथल्याच झाल्या. आम्ही परत आलो ते चौदाव्या मजल्यावर. वसाहतीचं नाव तेच, साईबाबांचं मंदिर जवळ तेच, पण आता लिफ्ट, बंद दारं आणि चोवीस तास पाणी.

गेल्या वर्षी आईला अर्धांगवायूचा सौम्य झटका आला. चालणं लवकर सुधारलं. उजवा हात मागे राहिला. फिजिओथेरपिस्टने व्यायाम दिले: रबरी चेंडू दाबणं, ताटातले वाटाणे एकेक करून वाटीत टाकणं, शर्टाची बटणं लावणं-काढणं. ज्या बाईने हजारो साड्यांना फॉल लावले तिने वाटाणे वेचायचे. तिसऱ्या दिवशी तिने ताट सरकवलं. "हे बाळाचे खेळ आहेत," म्हणाली.

मी फोनवर एम्युलेटर टाकला तो त्या आठवड्यात.

एम्युलेटर म्हणजे एका यंत्राची सोंग घेणारी आज्ञावली. फॅमिकॉमच्या आतली चिप सेकंदाला जेमतेम १८ लाख ठोके चालायची आणि तिच्या हाताशी २ किलोबाइट मेमरी होती. आजचा साधा फोन त्या चिपची प्रत्येक हालचाल करून दाखवतो आणि तरी त्याला पुष्कळ फुरसत उरते. गेमला कळतच नाही की आपण कॅसेटमध्ये नाही. 'बॅटल सिटी' अख्खा २४ किलोबाइटचा आहे. सकाळी येणारं गुड मॉर्निंगचं फुलांचं चित्र त्याहून मोठं असतं.

कायद्याची बाजूही सांगून टाकते. सोंग घेणारी आज्ञावली वेगळी आणि गेमची प्रत वेगळी. पहिलीबद्दल अमेरिकेत सोनी हरली ती २००० साली, आणि अ‍ॅपलनेही एप्रिल २०२४ मध्ये आपल्या अ‍ॅप स्टोअरवर जुन्या कन्सोलचे एम्युलेटर येऊ दिले. अँड्रॉइडवर ते कितीतरी आधीपासून आहेत. गेमचे हक्क मात्र ज्या त्या कंपनीकडेच राहतात, गेम चाळीस वर्षं जुना असला तरी.

पहिला दिवस वाईट गेला. काचेवर काढलेल्या बटणाला कड नसते. अंगठा कधी घसरला ते अंगठ्याला कळत नाही, डोळ्यांनी बघावं लागतं, आणि तोवर कोंबडी गेलेली असते. धडधाकट हाताचीही ही रड असते, इथे तर हाताला आधीच कमी कळत होतं. मी ब्ल्यूटूथचा कंट्रोलर मागवला, ज्याची बटणं दाबली की खाली जातात. फोन डाळीच्या डब्याला टेकवून ओट्यावर उभा केला. डाव्या हातात दिशा, उजव्या अंगठ्यात फक्त गोळी. एम्युलेटरमध्ये टर्बो नावाची सोय असते, बटण दाबून धरलं की गोळ्या आपोआप सुटत राहतात. मी ती लावू का विचारलं.

"मग मी काय करू?" आई म्हणाली.

दुसऱ्या दिवशी तिची नवी तक्रार होती. "हा पळतोय. आपला एवढा पळत नव्हता."

मी सेटिंगमध्ये शिरले. तिथे 'रीजन' असा पर्याय होता आणि त्याखाली तीन नावं: एनटीएससी, पाल, डेंडी. जपान-अमेरिकेतले जुने टीव्ही सेकंदाला साधारण ६० चित्रं दाखवायचे, आपल्याकडचे पाल पद्धतीचे टीव्ही ५०. या गेमचं घड्याळ चित्रांवर चालतं. म्हणजे ५० च्या टीव्हीवर तोच टँक सहाव्या हिश्श्याने हळू. डेंडी हे रशियात १९९२ साली विकायला आलेल्या फॅमिकॉमच्या नकलेचं नाव. पाल टीव्हीसाठी बनवलेल्या तसल्या नकली डब्यांचा वेग जगभरच्या हौशी लोकांनी मोजला, आणि तो एम्युलेटरमध्ये वेगळा पर्याय म्हणून घातला. मी डेंडीवर बोट ठेवलं.

"हां," आई म्हणाली. "आता बरोबर."

हे मला अजून पुरतं पचलेलं नाही. झटक्यानंतर घरात प्रत्येक जण आईच्या वाक्यांना मनातल्या मनात तपासत होता. गोळी घेतली म्हणते, घेतली असेल का? गॅस बंद केला म्हणते, केला असेल का? आणि इथे तिने, वीस वर्षांपूर्वीच्या एका नाव नसलेल्या डब्याचा वेग, सेकंदाला दहा चित्रांच्या फरकासह, हाताने ओळखला होता. अस्सल जपानी वेग तिच्यासाठी चुकीचा होता. आपल्यासारख्यांचं बालपण नकलेच्या वेगाने गेलं, आणि नकलेचीही हुबेहूब नक्कल होऊ शकते, झालेली आहे, हे मला त्या दिवशी कळलं.

मग सेव्ह स्टेट. एम्युलेटरमध्ये कुठल्याही क्षणी एक बटण दाबलं की त्या क्षणीची सगळी मेमरी जशीच्या तशी फाइलमध्ये उतरते: कुठली वीट पडली, कुठला टँक कुठे वळत होता, गोळी हवेत कुठवर गेली होती. आठ दिवसांनी ती फाइल उघडली तरी गोळी तिथूनच पुढे निघते. जुन्या गेमांचे कट्टर चाहते याला चीटिंग म्हणतात. तीन जीव दिलेत, तीनच वापरा, एका बैठकीत संपवा, नाहीतर संपवला म्हणू नका.

एका बैठकीत संपवायला एक बैठक लागते. ती दादाला मिळायची, त्याच्या मित्रांना मिळायची. आईला अडीच ते साडेचारमध्येही अखंड मिळाली नाही. गेम कठीण होता म्हणून ती अडली नाही, तिला मधेच उठावं लागायचं. म्हणून सेव्ह स्टेटला चीटिंग म्हणताना मला नेहमी विचारावंसं वाटतं की तुमच्या घरी पाणी कोण भरायचं. आता आईकडे वेळ आहे आणि हात पंधरा मिनिटांत दमतो. पंधरा मिनिटं झाली की ती कंट्रोलर खाली ठेवते, मी बटण दाबते, डाव तिची वाट बघत थांबतो. जून ते ऑगस्ट मिळून ती पहिल्यांदा पस्तिसावी स्टेज ओलांडून गेली. त्यापुढे गेम पुन्हा पहिल्या नकाशापासून सुरू होतो हे तिला माहीतच नव्हतं. मलाही नव्हतं.

ब्लाउजचे वरचे दोन हुक ती आता स्वतः लावते. ते गेममुळे झालं असं मी म्हणणार नाही. वाटाणेही ती वेचते, कुरकुरत.

टँकमध्ये 'कन्स्ट्रक्शन' म्हणून एक भाग आहे. तिथे आपला नकाशा आपण बांधायचा, १३ गुणिले १३ चौकटींचा. वीट, लोखंड, पाणी, झाडी, बर्फ. पूर्वी मुलं त्यात कोंबडीभोवती लोखंडी भिंत घालून मोकळी व्हायची, आणि स्विच बंद केला की तेही जायचं. आईने एका दुपारी त्यात विटांच्या आडव्या ओळी मांडल्या, मधे गल्ल्या सोडल्या, वरच्या कोपऱ्यात पाणी आणि पाण्याभोवती झाडी. मी विचारलं नाही. उपवनचा तलाव आणि खाली आमच्या जुन्या इमारती, हे दिसतच होतं. त्यात ती खेळली आणि नेहमीसारखीच विटा फोडत गेली. शत्रूच्या टँकपेक्षा जास्त तिनेच फोडल्या. शेवटी म्हणाली, "रस्ता मोठा झाला की टँक वळवायला बरं पडतं."

सप्टेंबरमध्ये मी तिची एक फाइल काकूंच्या नातवाला व्हॉट्सअ‍ॅपवर पाठवली. त्याने त्याच्या फोनवर तोच एम्युलेटर टाकला, रीजन डेंडी ठेवलं, आणि डोंबिवलीत काकूंनी आईचा अर्धा डाव पुढे खेळला. रात्री फाइल परत आली. तेव्हापासून हे चालू आहे. दोघींना एकत्र ऑनलाइनही खेळता येतं, पण त्यासाठी दोन्हीकडे एकाच वेळी रिकामी माणसं लागतात. त्यापेक्षा डाव ठाणे-डोंबिवली जा-ये करतो हे त्यांना सोयीचं वाटतं. परत आलेली फाइल उघडली की आई आधी जीव मोजते. "दोन घालवले बघ हिने," म्हणते, आणि लगेच फोन लावते. बोलणं टँकवरून सुरू होतं आणि अर्धा तास चालतं.

फोल्डरमध्ये आता शंभराच्या वर फाइली आहेत. मी प्रत्येकीला तारीख आणि वेळ देऊन ठेवते. परवा सहज वरपासून खालपर्यंत पाहिल्या. आईला आता दिवसभर कधीही खेळता येतं, तरी बहुतेक वेळा अडीच ते साडेचारमधल्याच आहेत.

सगळ्यात अलीकडची फाइल मंगळवारी पाठवली आहे. तेविसावी स्टेज, दोन जीव, टँकला तिन्ही चांदण्या. आज शुक्रवार. डोंबिवलीहून अजून आलेली नाही, आणि सकाळपासून आईने दोनदा विचारलं आहे.